चौदावा वाचण्यापूर्वी

॥ श्री गुरुदेव दत्त ॥



आपल्या मंदिरात येणाऱ्यांपैकी बरीच मंडळी रोज सकाळी अंघोळ झाली की श्रीगुरुचरित्राचा चौदावा अध्याय वाचतात. काहींचा तो पाठ आहे. रिक्षात, दवाखान्यात नंबर लागेपर्यंत, मुलाच्या मुलाखतीच्या दिवशी, कोर्टाच्या तारखेला, सगळीकडे चौदावा. संकट आलं की चौदावा, हे आपल्या घराघरांतलं समीकरणच झालं आहे. ते चुकीचं आहे असं मी मुळीच म्हणणार नाही. माझ्या आईनं तो आयुष्यभर वाचला, आणि तिच्यामागे आमच्या घरी तो चालू आहे.

पण मला या जयंतीच्या अंकात लिहायचं आहे ते चौदाव्याच्या आधीच्या अध्यायाबद्दल. तेरावा म्हटलं की आपण जरा दचकतो, तो शब्दच तसा आहे! तरीही सांगतो, मनावरच्या ताणाबद्दल जे काही शहाणपण आपल्या संप्रदायात आहे, त्यातला मोठा भाग या तेराव्या-चौदाव्याच्या जोडीत आहे. आणि आपण जोडीतला एकच अध्याय उचलतो.

कथा तुम्हाला ठाऊक आहे, तरी उजळणी करू. श्रीनृसिंहसरस्वती स्वामी महाराज शिष्यांसह गोदातीरी वासरब्रह्मेश्वरी आले. तिथे एक ब्राह्मण नदीवर जीव द्यायला आला होता. पोटशूळाची व्यथा. अन्न पोटात गेलं की कळा सुरू. म्हणून तो पंधरा पंधरा दिवस, महिना महिना जेवतच नसे. सणाला मोह झाला, गोडधोड पोटभर खाल्लं आणि दुखणं असं उसळलं की त्यानं ठरवलं, आता पुरे. पोटाला दगड बांधून तो पाण्याकडे निघाला.

इथे गुरूंनी काय केलं ते नीट पाहा. सर्वांत आधी शिष्यांना पाठवलं, त्याला धरून आणा म्हणाले. उपदेश नंतर. आधी पाण्यापासून दूर. मग जवळ बसवून विचारलं, बाबा, कशाचं दुःख आहे? त्यावर तो माणूस काही हात जोडून गोड बोलला नाही. विचारून काय करणार, मी भूमीला भार झालोय, ज्या अन्नावर जग जगतं ते अन्नच माझं वैरी झालंय, अशा अर्थाचं तोडून बोलला. ताणाने पिचलेला माणूस असाच बोलतो. आपल्या घरातला कुणी असं बोलला की आपण म्हणतो, बघा, विचारायला गेलं तर अंगावर येतो! आणि विचारणं सोडून देतो. महाराजांनी सोडलं नाही. तुझ्या व्यथेवर आमच्याकडे औषध आहे, घाबरू नको, एवढंच सांगून त्याला धीर दिला.

तेवढ्यात तिथे सायंदेव आले. मूळचे कडगंचीचे, पण पोटासाठी यवन अधिपतीच्या चाकरीत असलेले गृहस्थ. आजच्या भाषेत नोकरदार. गुरूंनी त्यांना सांगितलं, याला घरी नेऊन जेवू घाल. सायंदेव चरकले. याच्या पोटात अन्न गेलं तर दुखणं वाढून याचा प्राण जाईल आणि ते पाप माझ्या माथी येईल, ही त्यांची शंका. शंका रास्तच होती. पण गुरूंनी आश्वासन दिलं, आणि सायंदेवांनी गुरूंना, शिष्यांना आणि त्या रोग्यालाही घरी बोलावलं. पत्नीसह पूजा केली, पंगत वाढली. तो ब्राह्मण पोटभर जेवला आणि व्यथा गेली.

इथे तेरावा संपतो. आता चौदावा सुरू होतो आणि तिथे आपल्याला पहिल्यांदा कळतं की या सायंदेवांच्या स्वतःच्या डोक्यावर त्या दिवशी काय टांगलेलं होतं! ते ज्याच्या चाकरीत होते तो क्रूर. दरवर्षी एका ब्राह्मणाचा घात करणारा. आणि त्या वर्षी, त्याच दिवशी, त्यानं बोलावणं धाडलं होतं ते सायंदेवांना. म्हणजे ज्या माणसाला आज आपण मरणार हे ठाऊक आहे, तो माणूस सकाळी एका अनोळखी रोग्याला घरी आणून, त्याच्या पोटाची काळजी करत, आग्रह करून वाढत होता.

मी कितीतरी वर्षं चौदावा वाचला, पण हा क्रम माझ्या लक्षात आला तो सेवानिवृत्तीनंतर, पूर्ण सप्ताह करताना. सुटा अध्याय वाचला की ही गोष्ट निसटते.

एक खुलासा इथेच करून टाकतो, कारण कुणी ना कुणी विचारतंच. ही कथा कुठल्या धर्माच्या माणसाविरुद्ध नाही. त्याच ग्रंथात पुढे, पन्नासाव्या अध्यायात, बेदरच्या यवन राजाच्या मांडीवरचा फोड गुरुकृपेनं बरा झाल्याची कथा आहे, आणि तो गुरूंचा आधीच्या जन्मीचा रजक भक्त होता. तेव्हा तो विषय इथेच सोडू.

आता ताणाकडे येऊ. शरीरात काय होतं ते डॉक्टर मंडळी सांगतात, ते समजून घेण्यासारखं आहे. समोर धोका दिसला की मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या दोन ग्रंथी आहेत, त्या ॲड्रिनॅलिन सोडतात. छाती धडधडते, रक्तदाब चढतो, तोंड कोरडं पडतं, रक्त हातापायांच्या स्नायूंकडे धावतं आणि पचनाचं काम मंदावतं. पळायचं किंवा लढायचं, त्याची ही तयारी. त्यामागोमाग कॉर्टिसॉल नावाचं दुसरं द्रव्य येतं, ते रक्तातली साखर वाढवून ठेवतं. ही सगळी व्यवस्था परमेश्वरानं आपल्या रक्षणासाठीच केलेली आहे. धोका टळला की सगळं खाली यावं, असा मूळ हिशेब.

सायंदेवांचं भय या हिशेबात बसणारं होतं. त्याला दिवस होता, पत्ता होता, समोर उभा राहणारा माणूस होता. संध्याकाळपर्यंत इकडे किंवा तिकडे निकाल लागणार होता. आपलं तसं नाही. मुलगा परदेशात, दोन दिवस फोन नाही. इमारत पुनर्विकासाला जाणार, पण कधी ते कुणी सांगत नाही. पत्नीच्या गुडघ्यांचं ऑपरेशन करायचं की नाही. ठेवींवरचं व्याज उतरलं तर पुढे कसं. यातल्या कशालाच तारीख नाही. त्यामुळे शरीर आपलं दिवसरात्र पळायच्या तयारीत उभं, आणि पळायचं कुठे तेच ठाऊक नाही. मग झोप उडते, साखर वाढते, पोट बिघडते. तेराव्यातल्या ब्राह्मणासारखं अन्नच वैरी होतं.

आम्ही बँकेत होतो तेव्हा सस्पेन्स खातं नावाचा एक प्रकार असे. एखादी रक्कम आली, पण कुणाची, कशाची ते कळत नाही, तर ती तात्पुरती त्या खात्यात टाकायची. खातं सोयीचं, पण त्याचा धाक असा की तिथली नोंद फार दिवस लोंबत ठेवायची नाही. तपासनीस आला की पहिलं बोट तिथे ठेवणार. ही कुणाची? अजून इथे का? आपल्या मनाचंही असं एक सस्पेन्स खातं असतं आणि साठी उलटली की ते भराभर फुगतं, कारण तपासायला कुणी येत नाही. मी एक साधी गोष्ट करतो. रात्री आरती झाली की एका वहीत त्या दिवशीच्या काळज्या लिहितो. प्रत्येकीसमोर एकच प्रश्न, उद्या याबाबत मी काही करू शकतो का? असेल तर काय ते एका ओळीत. नसेल तर ‘महाराजांकडे वर्ग’ असं लिहून रेघ मारतो. हसू नका! वर्ग केलेली रक्कम आपल्या खात्यात दिसत नाही, हा बँकेचा नियमच आहे. अर्थात काही नोंदी दुसऱ्या रात्री परत माझ्याच खात्यात आलेल्या असतात. त्या पुन्हा वर्ग करायच्या.

काउंटरवरची आणखी एक आठवण या विषयाला धरून आहे. 8 नोव्हेंबर 2016 च्या रात्री पाचशे आणि हजाराच्या नोटा रद्द झाल्या. 9 तारखेला बँका लोकांसाठी बंद होत्या, 10 तारखेला उघडल्या. शाखेचं शटर वर गेलं तेव्हा रांगेचं टोक दिसत नव्हतं. सुरुवातीला माणशी चार हजार रुपये बदलून मिळत होते. म्हातारी माणसं, लग्नघरची माणसं, हातात औषधाची चिठ्ठी घेतलेली माणसं. माझ्या शेजारच्या काउंटरवर एक बाई होत्या, अनुभवी रोखपाल. त्यांनी सकाळीच खुर्ची जरा तिरकी करून घेतली, दरवाजा दिसणार नाही अशी. मी कारण विचारलं तर म्हणाल्या, “रांग बघितली की हात थरथरतात. समोरचा माणूस बघितला की नाही थरथरत.” दोन माणसांच्या मध्ये त्या एक क्षण हात टेबलावर ठेवत, ओठ हलत, पुन्हा पुढची चिठ्ठी. ओठांवर काय होतं ते मी विचारलं नाही, पण गळ्यात दत्ताचं पदक होतं. ते पन्नास दिवस, 30 डिसेंबरपर्यंत, शाखेत सर्वांत शांत काउंटर तोच होता.

सायंदेवांनी त्या दिवशी हेच केलं, असं मला वाटतं. रांगेच्या टोकाला यमदूत उभा होता. पण खिडकीसमोर आला होता तो पोटदुखीचा रोगी. त्यांनी समोरच्याला वाढलं.

यात लबाडी नाही, की मी परोपकार करतो म्हणजे माझं काम होईल. सायंदेवांनी जेवण घातलं तेव्हा आपल्या संकटाचा शब्दही काढलेला नव्हता. गुरू प्रसन्न झाले, आशीर्वाद दिला, तेव्हा कुठे त्यांनी तोंड उघडलं. मागणी आधी आणि सेवा नंतर, किंवा सेवा मागणीपुरती, असा व्यवहार नव्हता. आपण मात्र चौदावा कधी कधी पैसे काढायच्या चिठ्ठीसारखा वाचतो. चिठ्ठी भरली, सही केली, खिडकीत सरकवली, आता रक्कम द्या. आणि अकरा दिवसांत रक्कम आली नाही तर मोबाईलवर दुसऱ्या कुठल्या देवाचा संदेश येतो, अकरा जणांना पाठवा, रात्रीपर्यंत शुभवार्ता. तोही आपण पाठवतो. त्या अकरांमध्ये मी असतोच, म्हणून मला माहीत.

आता चौदाव्यातली गुरूंची आज्ञा पाहा. सायंदेव म्हणाले, जातो तर मरण नक्की. गुरूंनी त्यांना जाऊ नको म्हटलं नाही. मी त्या राजाचं बघून घेतो, तू घरी बस, असंही म्हटलं नाही. मस्तकावर हात ठेवला आणि म्हणाले, जा. निर्भयपणे जा. तो तुला सन्मानानं परत पाठवील, आणि तू परत येईपर्यंत आम्ही इथून हलणार नाही.

मला स्वतःला या सगळ्या अध्यायात सर्वांत मोठं आश्वासन हे शेवटचं वाटतं. राजाचं मन पालटलं हा चमत्कार मोठाच. सायंदेवांना पाहून त्यानं तोंड फिरवलं, आत गेला, झोपेत वेदनांनी तळमळला, बाहेर येऊन पाया पडला, वस्त्रं देऊन बोळवण केली, हे सगळं आपण भक्तीनं वाचतो. पण सायंदेव दारात उभे राहिले होते, आत काय चाललंय हे कळत नव्हतं, तेव्हा त्यांच्या हातात काय होतं? फक्त एवढंच, की मागे कुणीतरी माझी वाट पाहत बसलं आहे. त्या आधारावर ते तिथे उभे राहून स्मरण करत राहिले. ताण सहन होतो की नाही हे ताणाच्या वजनावर जितकं असतं, तितकंच कुणी वाट पाहणारं आहे का यावर असतं.

आणि इथे मला आपल्या मंडळाबद्दल बोलायचं आहे.

आपल्याकडे येणारे एक गृहस्थ आहेत. नाव लिहीत नाही, ओळखणारे ओळखतील. त्यांच्या पत्नीला विस्मरणाचा आजार आहे. सुरुवातीला किल्ल्या विसरणं, मग गॅस, मग वार, आता नवरा कोण हेही काही दिवशी ओळखत नाहीत. रात्री दोन वाजता उठून दार उघडायला जातात, माहेरी जायचंय म्हणतात. हे गृहस्थ तीन तासांच्या वर सलग झोपलेले नाहीत, असं गेलं वर्षभर चाललं होतं. चौदावा रोज वाचत. पालखीला येणं मात्र बंद झालं होतं. आपण काय म्हणालो? त्यांची निष्ठा कमी झाली. एकदोघांनी त्यांना चौदाव्याची आवर्तनं वाढवा असा सल्लाही दिला. सल्ला मनापासूनचा होता, पण आवर्तनं करायला डोळे उघडे राहायला हवेत ना!

शेवटी ही गोष्ट पुरुषांना नाही, बायकांना सुचली. भजनी मंडळातल्या चौघींनी आपसात ठरवलं. गुरुवारी संध्याकाळी दोन तास आळीपाळीनं एकेकीनं त्यांच्या घरी जाऊन बसायचं. त्या बाईंना भजनं सगळी पाठ आहेत, नवरा विसरल्या पण भजनं विसरल्या नाहीत. मग तिथे गाणं चालतं, कधी शेंगा सोलणं चालतं. आणि ते गृहस्थ दोन तास मंदिरात येतात. पहिल्या गुरुवारी ते आले, खांबाला टेकून बसले आणि आरती सुरू व्हायच्या आत गाढ झोपले. कुणीतरी उठवायला निघालं, तर पुजाऱ्यांनी खुणेनं थांबवलं. नगारा वाजला तरी जाग आली नाही. प्रसाद बाजूला ठेवला. मला विचाराल तर त्या संध्याकाळी मंदिरात झालेली सर्वांत मोठी उपासना ती झोप होती. दुसऱ्या आठवड्यात ते त्यांच्या डॉक्टरांकडे गेले, स्वतःसाठी. वर्षभरात रक्तदाब तपासलेला नव्हता, तो बराच वर निघाला. आता गोळी चालू आहे.

हा तेरावा अध्याय. जेवू घालणारे, शेजारी बसणारे, वाट पाहणारे. चौदावा त्यांच्या वाट्याला यायचा तेव्हा येईल. आजार तर जाणारा नाही, डॉक्टरांनी तसं स्पष्ट सांगितलेलं आहे.

गोळीवरून आठवलं म्हणून सांगतो, कारण जयंतीचा सप्ताह तोंडावर आहे. पारायणाला एकभुक्त राहणं, हविष्यान्न घेणं, घोंगडीवर डाव्या कुशीवर झोपणं, हे नियम आपण पाळतो ते योग्यच. पण सप्ताहात रक्तदाबाची किंवा साखरेची गोळी बंद ठेवण्याची टूम काही जणांत आहे, ती कुठल्याही नियमात नाही. साखरेच्या आजारात गोळी किंवा इन्सुलिन घेऊन उपाशी राहिलं तर साखर एकदम उतरून माणूस बेशुद्ध पडतो. ज्यांना ही औषधं चालू आहेत त्यांनी सप्ताहापूर्वी आपल्या डॉक्टरांना विचारून जेवणाची वेळ ठरवून घ्यावी. ज्या गुरूंनी रोग्याला पहिलं औषध म्हणून अन्न दिलं, त्यांच्या नावानं कुणी उपाशी राहून कोसळावं, हे त्यांना कसं आवडेल? आणि मांडी घालून बसवत नसेल तर खुर्चीवर बसून वाचावं. त्यावरून कुणी बोललं तर मला सांगा.

वाचनाची गतीही महत्त्वाची. आगगाडी सुटल्यासारखा अध्याय वाचला तर श्वास वरच्या वर राहतो. सावकाश, ओवीच्या शेवटी श्वास पूर्ण सोडून वाचलं की नाडी शांत होते, कारण श्वास सोडताना हृदयाची गती स्वाभाविकपणे मंदावते. नामस्मरणाचंही तसंच. आपल्या जुन्या माणसांना यातलं शास्त्र ठाऊक असो वा नसो, ओवी त्यांनी सावकाशच म्हटली. ज्याला सगळा अध्याय जमत नाही त्यानं अर्धा वाचावा, पण धावत वाचू नये.

एक कठीण गोष्ट राहिली. तेराव्यातला तो ब्राह्मण जीव द्यायला निघाला होता, हे आपण वाचताना भरकन पुढे जातो. ती गोष्ट जुनी नाही. दुखण्यानं, एकटेपणानं, कर्जानं, घरातल्या अपमानानं आपल्या वयाची माणसंसुद्धा त्या काठापर्यंत जातात. बोलताना सूचना देतात. आता माझी कुणाला गरज नाही, माझ्यामुळे सगळ्यांना त्रास, कागदपत्रं कुठे आहेत ते बघून ठेव. असं कुणी बोललं तर ‘असं अभद्र बोलू नये’ म्हणून गप्प करू नका. सरळ विचारा, जीव द्यावासा वाटतो का? विचारल्यानं विचार डोक्यात शिरत नाही, तो आधीच तिथे असतो. विचारल्यानं तो बाहेर येतो. त्या माणसाला एकटं सोडू नका, डॉक्टरांकडे न्या. सरकारची टेलि-मानस नावाची मोफत सेवा आहे, 14416 हा क्रमांक, दिवसरात्र चालू असतो आणि मराठीत बोलता येतं. हा क्रमांक मंदिराच्या फळ्यावर उत्सवाच्या कार्यक्रमपत्रिकेशेजारी लिहावा, अशी मी विश्वस्तांना विनंती केली आहे. उत्सवात असलं अशुभ कशाला, असं एकाचं म्हणणं पडलं. मी त्यांना तेरावा वाचायला दिला.

सायंदेवांची कथा संपताना गुरू पुढच्या यात्रेला निघतात. सायंदेव म्हणतात, मीही येतो, आता तुम्हाला सोडून राहवत नाही. गुरू नेत नाहीत. पंधरा वर्षांनी तुमच्या गावाजवळ भेटू, तोवर बायकामुलांसह सुखानं नांदा, असं सांगतात. म्हणजे पुन्हा तीच नोकरी, तोच दरबार, तोच संसार, आणि पंधरा वर्षांची वाट. या मधल्या पंधरा वर्षांत सायंदेवांना काळज्या नव्हत्या असं मला तरी वाटत नाही. पुढे गाणगापुरी ते गुरूंना भेटले, त्यांच्याच वंशात सरस्वती गंगाधर झाले आणि त्यांनी हा ग्रंथ लिहिला, म्हणून आज आपण तो वाचतो आहोत.

मार्गशीर्ष पौर्णिमेला जन्मकाळाची गर्दी संध्याकाळी होते. त्या दिवशी दुपारी महाप्रसादाच्या पंगतीत वाढायला माणसं कमी पडतात, दरवर्षीचाच अनुभव. ज्यांना उभं राहणं जमतं त्यांनी साडेअकराला स्वयंपाकघराच्या मागच्या दाराशी यावं. आणि भजनी मंडळाच्या त्या गुरुवारच्या पाळीत उत्सवाच्या आठवड्यात एक जागा रिकामी आहे.

॥ श्री गुरुदेव दत्त ॥